दुपारची जागल

त्या तळ्यावर झोप ही दोघांनी मिळून करायची गोष्ट होती. एकट्याने झोपून पाहणारे अधूनमधून निघत, पण त्यांनी परत येऊन आपला अनुभव सांगितल्याचे कुणाच्या ऐकिवात नव्हते.

याला कारण मगर. ती तळ्यात केव्हापासून होती हे वस्तीतल्या वृद्धांनाही सांगता येत नसे. स्वभावाने ती दुष्ट नव्हती, उतावळी तर मुळीच नव्हती. जाग्या पाखराच्या वाटेला ती कधी जात नसे. जागे पाखरू उडून जाते, मग उगाच शेपटी हलवून दमायचे कशाला? ती फक्त झोपलेल्याला नेई, तेही शेजारी कुणी जागे नसेल तर. एरवी काठाला ओंडक्यासारखी पडून राही आणि तिच्या पाठीवर बेडूक ऊन खात बसत.

तळ्यावर करकोच्यांची मोठी वस्ती होती. तिथले मासे उन्हाला भिऊन दिवसभर तळाशी बसत आणि तिन्हीसांजेला वर येत, म्हणून करकोचे रात्रभर मासे धरीत आणि भर दुपारी झोपत. झोपेची रीत ठरलेली होती. दुपारचे दोन भाग करायचे. पहिल्या भागात एकाने झोपायचे आणि दुसऱ्याने जागल करायची, दुसऱ्या भागात उलट. झोपणारा एक पाय पोटाशी घेऊन मान पंखात घाली. जागल करणारा दोन्ही पाय चिखलात रोवून उभा राही, मगरीवर नजर ठेवी, आणि दर वीस श्वासांनी, फार मोठ्याने नाही, एवढेच म्हणे: "आहे."

हा शब्द झोपलेल्याला उठवीत नसे. उलट तो कानावर पडला की झोप आणखी खोल जाई. करकोच्यांना जाग येई ती शब्द चुकला म्हणजे. वीस श्वास झाले, पंचवीस झाले, आणि "आहे" आले नाही, तर गाढ झोपेतले पाखरूही दचकून डोळे उघडी. वस्तीत लहान पिल्लांना हेच सगळ्यांत आधी शिकवत: आवाजाला भिऊ नका, गप्प झालेल्याला भ्या.

जोडी जमायलाही याहून वेगळा सोहळा लागत नसे. दोन करकोचे एखाद्या दुपारी शेजारी येत, एक "आहे" म्हणे, दुसरा पाय वर घेई, आणि जमले असे सगळे धरून चालत. जमण्याची रीत होती. मोडण्याची मात्र कुणी घालून दिलेली नव्हती, त्यामुळे ज्याचे मोडे त्याला आपल्या आपणच ती शोधावी लागे.

भुरका आणि टिकली यांचे सात पावसाळे जमले होते. भुरका हा राखी पंखांचा, बेताच्या उंचीचा करकोचा. टिकलीच्या कपाळावर एक काळा ठिपका होता. दुपारचा पहिला भाग भुरक्याच्या जागलीचा आणि दुसरा टिकलीच्या. ती नेहमी त्याच्या डाव्या बाजूला उभी राही. तिचे "आहे" सावकाश येई आणि शेवटी किंचित लांबे. सात वर्षांत भुरक्याने हा आवाज नीट ऐकला असे म्हणता येणार नाही, कारण तो येई तेव्हा भुरका झोपलेला असे.

थंडीच्या दिवसांतली गोष्ट. एका दुपारी भुरक्याला शांततेने जाग आली. त्याने डोळे उघडले तर टिकली जागच्या जागी उभी होती आणि मगर पार पलीकडच्या काठाला गेलेली दिसत होती. ती तिकडे जाईपर्यंत टिकली थांबली होती, हे भुरक्याच्या पुष्कळ दिवसांनी लक्षात आले.

"मी निघालेय," ती म्हणाली. "न सांगता गेले असते तर तुला उठल्यावर कळलंच असतं. पण ते बरं दिसलं नसतं."

"काय झालं?"

"काही नाही. काहीच होत नाही, तेच तर."

"माझं 'आहे' कधी चुकलं का?"

"एकदाही नाही," टिकली म्हणाली. "वेळच्या वेळी येतं. पण परवा मी मध्येच डोळे उघडले. तू 'आहे' म्हणत होतास आणि तळाशी माशांकडे बघत होतास. काल उघडले, तेव्हाही तेच."

"मगर लांब होती गं."

"हो. लांब होती," ती म्हणाली, आणि तिने पंख झटकले.

भुरक्याला तिला थांबवायचे होते. निदान माशांबद्दल काहीतरी सांगायचे होते. तो बोलायला गेला, आणि सात वर्षांच्या सवयीने चोचीतून निघाले ते "आहे." टिकलीने एकदा वळून पाहिले. मग ती उगवतीच्या बाजूला उडाली आणि बाभळींच्या मागे दिसेनाशी झाली.

पहिले दोन दिवस भुरका झोपलाच नाही. तिसऱ्या दिवशी त्याला पाण्यात दोन सूर्य दिसू लागले. रात्री तो माशावर चोच मारी आणि हाती काटकी येई. दुःख फार मोठे असते तेव्हा भूक मरते असे म्हणतात; भुरक्याची भूक जिवंत होती, पण मासा मरत नव्हता. डोळ्याला डोळा लागला की तो स्वतःच दचकून उठे, कारण कानांना "आहे" हवे असे आणि ते येत नसे. मगर पलीकडच्या काठावरून अलीकडे आली होती. तिला वस्तीतल्या बातम्या कोण पुरवी ठाऊक नाही, पण कुणाचे मोडले हे तिला सगळ्यांच्या आधी कळे.

शेवटी भुरक्याने भीड सोडली आणि तो खैरा आणि जांभळी या जोडप्याकडे गेला. खैरा त्याचा लहानपणापासूनचा मित्र, जांभळी त्याची बायको. दोघेही मनाने चांगले. "अरे, विचारायचं काय त्यात?" खैरा म्हणाला. "उभा राहा इथंच आमच्याजवळ. आम्ही काय, 'आहे' म्हणणारच आहोत. एकानं ऐकलं काय नि दोघांनी ऐकलं काय."

भुरका त्यांच्याजवळ, अगदी चिकटून नाही आणि अगदी लांबही नाही, असा उभा राहिला. आणि आश्चर्य म्हणजे तो झोपला. उसने "आहे" असले तरी ते "आहे"च होते. चार दुपारी त्याने अशी झोप काढली आणि दर दुपारी उठल्यावर त्या दोघांचे इतक्यांदा आभार मानले की जांभळीला अवघडल्यासारखे झाले.

पाचव्या दुपारी जांभळी जरा लवकर उठली. तिला काहीतरी स्वप्न पडले होते आणि ते खैऱ्याला सांगायचे होते. दोघे बोलू लागले, हसू लागले. दोघेही जागे होते, मग "आहे" कुणी कुणाला म्हणायचे? त्यांनी भुरक्याचा घात केला असे नाही. त्यांना फक्त त्याची आठवण राहिली नाही. भुरक्याला शांततेने जाग आली तेव्हा मगरीचा जबडा उघडलेला होता. तो वाचला, पण शेपटीची तीन पिसे मगरीच्या दातांत राहिली.

खैरा फार ओशाळला. "चुकलंच आमचं. उद्या असं नाही होणार बघ," तो पुन्हा पुन्हा म्हणाला. भुरका म्हणाला, "छे रे, एवढं काय." आणि दुसऱ्या दुपारी तो तिकडे गेला नाही. मित्राला कितीदा आठवण करून द्यायची की आपणही इथे आहोत? आठवण करून दिल्यावर जे मिळते त्यावर झोप येत नाही.

वस्तीत ही गोष्ट पसरायला वेळ लागला नाही. टिटवीने ती पसरवली असे म्हणणे अन्यायाचे होईल; टिटवीने ती फक्त सगळ्यांना सांगितली. टिटवीमावशी अंगाने मूठभर, पण सगळ्या तळ्याची काळजी तिच्या डोक्यावर. ती स्वतः पाय वर करून झोपते, आकाश पडले तर सावरायला, असे ती म्हणे. भुरक्यासमोर येऊन ती म्हणाली, "किती दिवस तोंड पाडून उभा राहणार? गेली ती गेली. तळ्यावर काय करकोच्यांचा दुष्काळ पडलाय? उद्या आणते एकीला. तू फक्त नाही म्हणू नकोस."

दुसऱ्या दिवशी ती पिवळीला घेऊन आली. पिवळी तरुण होती, चोच केतकीच्या रंगाची, डोळे हसरे. तिला भुरका आवडला होता. दुपार झाली तशी ती त्याच्या उजवीकडे उभी राहिली, दोन्ही पाय रोवले, आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, "आहे."

भुरक्याने मान पंखात घातली. थोड्या वेळाने बाहेर काढली. "जरा डावीकडे येतेस का?" तो म्हणाला. पिवळी डावीकडे आली. पुन्हा "आहे" म्हणाली.

"जरा सावकाश," भुरका म्हणाला.

पिवळीने सावकाश म्हटले. दुसऱ्या दिवशी त्याने तिला शेवट किंचित लांबवायला सांगितले. तेही तिने केले, पण लांबवताना तिचा आवाज थोडा कापत होता. तिसऱ्या दिवशी भुरक्याने मान पंखातून बाहेर काढली आणि तो काही बोलणार इतक्यात पिवळीच म्हणाली, "मी आहे, भुरक्या. ती नाही."

ती रडली नाही, भांडली नाही. संध्याकाळपर्यंत त्याच्याजवळ उभी राहिली, कारण जागल अर्ध्यावर सोडून जाण्यातली ती नव्हती, आणि मग निघून गेली. टिटवीने कपाळावर हात मारला असता, पण तिला हात नव्हते. "पालथ्या घड्यावर पाणी," एवढे म्हणून तिने भुरक्याचे नाव टाकले.

यानंतर भुरका बेडकांकडे गेला, यावरून त्याची दशा ओळखावी. काठच्या गवतात हजारो बेडूक होते आणि त्यांनी अलीकडे एक नवीच टूम काढली होती. करकोच्यांचे ऐकून ऐकून तेही "आहे" म्हणायला शिकले होते आणि जो येईल त्याला म्हणत होते. भुरका नुसता काठाला टेकला आणि चहूकडून सुरू झाले: "आहे आहे आहे आहे." पहिल्यांदा त्याला इतके बरे वाटले की डोळे पाणावले. इतक्या जणांना आपण हवे आहोत हे त्याला ठाऊकच नव्हते.

पण वीस श्वासांचे अंतर बेडकांना पाळता येत नव्हते. त्यांचे "आहे" थांबेचना, आणि जो आवाज थांबत नाही तो चुकलेलाही कळत नाही. भुरक्याने अर्धवट डोळे उघडून पाहिले. मगर सरकत येत होती, आणि तिच्या पाठीवर ओळीने बसलेले सात-आठ बेडूक भुरक्याकडे तोंड करून मोठ्या आपुलकीने म्हणत होते, "आहे आहे आहे."

मग त्याने तळ्याचा लोकवस्तीचा भाग सोडला. दक्षिणेच्या टोकाला एक अरुंद, दलदलीचे खाजण होते. तिथे पाणकणसाचे दाट बन होते, पुरुषभर उंच, आणि त्याच्या पलीकडे काय आहे ते दिसत नसे. मासे तिथे कमी, चिखल फार. कुणी सहसा येत नसे, म्हणूनच भुरक्याला ती जागा बरी वाटली. चारचौघांत एकटे असण्यापेक्षा एकटे असलेले एकटेपण जरा तरी सोसते. त्याने बनाला पाठ लावून दोन्ही पाय चिखलात रोवले आणि तो उभा राहिला.

पहिल्या दुपारीच एक लाजिरवाणी गोष्ट झाली. ऊन डोक्यावर आले, त्याच्या जागलीची वेळ झाली, आणि त्याच्या चोचीतून आपोआप निघाले: "आहे."

भुरक्याने इकडेतिकडे पाहिले. कुणी नव्हते. डाव्या बाजूला टिकली उभी राहील एवढी जागा रिकामी होती. उभे राहताना ती त्याने न कळत सोडली होती. वीस श्वास झाले आणि पुन्हा तेच. त्याला स्वतःचा राग आला. ज्या वेळी खरी राखण करायची होती त्या वेळी आपण माशांकडे पाहत होतो, आणि आता कुणी नाही तर रिकाम्या चिखलाची राखण करतो आहोत! वरून उडणाऱ्या दोन कावळ्यांनी ते ऐकले आणि दुसऱ्या दिवशी वस्तीत भुरक्याची नक्कल करण्याचा खेळ सुरू झाला. एक कावळा चिखलाकडे बघून "आहे" म्हणे, दुसरा म्हणे, "कोण?" आणि सगळे हसत.

तरी भुरक्याला ते थांबवता आले नाही. मग त्याने थांबवण्याचा नाद सोडला. निदान स्वतःच्या आवाजाने आपण जागे तरी राहतो, अशी त्याने मनाची समजूत घातली. मगर त्याच्यामागे खाजणात आली होती आणि तिथून परतली नव्हती. रोज ती एक पंखभर जवळ सरके. त्यामुळे भुरक्याची नजर तिच्यावरून हलत नसे. दुपारचा पहिला भाग तो असा खडा पहारा करी. दुसरा भाग त्याच्या झोपेचा. तेव्हा त्याची मान खाली जाई, पुन्हा वर येई, डुलकी लागे, तुटे. रात्री पाय न हलवता चोचीला लागेल ते खाऊन आणि दिवसा त्या बारीक बारीक डुलक्यांवर तो जगत होता. त्याला जगणे म्हणायचे तर म्हणावे.

त्या जागेत आणखी एक गोष्ट त्याला खटके. पाठीमागच्या बनात दुपारी काहीतरी हले. पाती अस्वस्थपणे सळसळत, आणि त्याने दिवसातले पहिले "आहे" म्हटले की हळूहळू शांत होत. वारा असावा, किंवा मुंगूस. एकटा जीव आवाजांना अर्थ देत बसतो, म्हणून भुरक्याने त्याला अर्थ दिला नाही.

थंडी सरली. पाणी ओसरू लागले आणि खाजणातला चिखल घट्ट झाला. भुरक्याचे पाय एकाच जागी इतके दिवस होते की त्यांच्याभोवती चिखलाचे कडे तयार झाले. त्याची छाती आत गेली, गळ्याची पिसे विरळ झाली. मगर आता दोन पंखांच्या अंतरावर होती आणि तिला अजूनही घाई नव्हती.

अशात एका सकाळी परतीच्या वाटेवरची बदके खाजणात उतरली. उगवतीकडून आली होती. विचारू नये हे भुरक्याला कळत होते, तरी त्याने विचारले.

"कपाळावर ठिपका असलेली? हो तर, पाहिली की!" एक बदक उत्साहाने म्हणाले. "मजेत आहे. तिकडे एक उंचसा करकोचा आहे, त्याच्याबरोबर असते. दुपारी इतकी गाढ झोपते म्हणून सांगू! आम्ही एवढा कलकलाट केला, पण पापणी हलली नाही तिची."

"बरं झालं," भुरका म्हणाला. त्याला खरेच बरे वाटले, आणि त्याच क्षणी टिकलीचे बोलणे आठवले. इथे टिकली मध्येच डोळे उघडून पाहत होती, आणि तिकडे तिची पापणीही हलत नव्हती. बदके पाणी पिऊन उडून गेली. उन्हे वर चढू लागली.

त्या दुपारी भुरक्याने ठरवले की आता म्हणायचे नाही. फार विचार करून ठरवले असे नव्हे. तो थकला होता. जिची झोप राखायची ती दुसऱ्या तळ्यावर कुणाच्या तरी शब्दावर निजली होती, आणि आपली झोप राखणारे कुणी येणार नव्हते. मग हा खडा पहारा कशासाठी? मगर आली तर येऊ दे. निदान एकदा पुरती झोप लागेल.

जागलीची वेळ झाली. शब्द चोचीपर्यंत आला. नेहमीसारखे पाठीमागे बन सळसळले. भुरक्याने त्या दिवसाचे पहिले "आहे" म्हटले, कारण ते आवरले नाही, दुसरेही तसेच निसटले, तिसरेही. बन शांत झाले. मग त्याने चोच घट्ट मिटली आणि तो श्वास मोजू लागला. अठरा. एकोणीस. वीस झाले. एकवीस. पंचवीस झाले आणि काही घडले नाही. खाजणात इतकी शांतता त्याने कधी ऐकली नव्हती. त्याचे डोळे मिटत आले. मिटता मिटता त्याला दिसले की मगरीच्या पाठीवरचे बेडूक एकेक करून पाण्यात उड्या टाकत आहेत, म्हणजे ती निघाली होती.

तीस.

पाठीमागे बनात एकदम फडफड झाली. पाती मोडली, पाणी उडाले, आणि एक बसका, घाबरलेला, चिडलेला आवाज ओरडला, "काय झालं? गप्प का झालास?"

भुरक्याचे डोळे खाडकन उघडले. मगर जागच्या जागी थांबली. दोन जागे जीव पाहून तिने जबडा मिटला आणि ती पुन्हा ओंडका झाली.

"कोण आहे तिकडे?" भुरक्याने विचारले.

"कोण म्हणजे? मेले असते मी आत्ता! असं मध्येच कुणी गप्प होतं का?" पलीकडची करकोची अजून धापा टाकत होती. "एक पाय वर घेऊन गाढ झोपलेली मी. आणि तिला काय झालं? ती उठली का नाही?"

"ती कोण?"

"तुझी जोडीदारीण. जिच्यासाठी रोज म्हणतोस ती."

भुरक्याने डावीकडच्या रिकाम्या चिखलाकडे पाहिले. "इथं कुणी नाही," तो म्हणाला.

"कुणी नाही कसं? मग रोज कुणाला म्हणतोस?"

या प्रश्नावर कावळ्यांना हसू आले होते. "कुणाला नाही," तो म्हणाला. "तोंडातून निघतं."

पलीकडून आवाज आला तो बराच खाली उतरलेला होता. "मला वाटलं, कुणीतरी आहे. हळू बोलणारी असेल, म्हणून तिचा आवाज ऐकू येत नसेल. थंडी संपत आली तेव्हा तू इथं आलास ना? माझा तेव्हा पंधरा दिवस डोळा लागला नव्हता. आमचंही… जाऊ दे. तू म्हणायला लागलास आणि मला झोप आली. म्हटलं, दुसऱ्या कुणाचं आहे तर असू दे. पलीकडून ऐकलं तर काय त्यांचं कमी होतंय? लाज वाटायची. म्हणून कधी आवाज दिला नाही."

"रोज झोपत होतीस?"

"रोज. तुझी पाळी संपेपर्यंत."

"मध्ये डोळे उघडून बघायचीस?"

"कशाला?" ती म्हणाली. "तू बघत होतास ना?"

भुरक्याने आठवून पाहिले. खाजणात आल्यापासून त्या वेळेला त्याची नजर मगरीवरून एकदाही हलली नव्हती. इथे मासे होते की नाहीत हेही त्याला धड सांगता आले नसते. ऊन त्याच्या पाठीवर आले होते.

"आणि तू?" पलीकडून प्रश्न आला. "तू कधी झोपतोस?"

भुरका गप्प राहिला. त्या तळ्यावर गप्प राहण्याचा अर्थ सगळ्यांनाच कळत असे.

बनाच्या पलीकडे चिखल वाजला. एक पाय रुतला, मग दुसरा रुतला. पाती थोडी हलून स्थिर झाली. ती दिसत नव्हती. केवढी होती, कोणत्या रंगाची होती, काही कळायला मार्ग नव्हता. मग आवाज आला, बसका, जरा घाईघाईचा, शेवटी लांबायच्या ऐवजी मध्येच तुटलेला, आणि तोही उजव्या बाजूने:

"आहे."

भुरक्याने चोच उघडली. 'जरा डावीकडे' हे शब्द जिभेवर आलेच होते. तो तसाच थांबला. मग त्याने चोच मिटली आणि मान सावकाश पंखात घातली.

वीस श्वास व्हायच्या आधीच पलीकडून पुन्हा आले, "आहे."

घट्ट झालेल्या चिखलाचे कडे तडकले. भुरक्याचा उजवा पाय त्यातून सुटला, क्षणभर हवेत लटकला आणि पोटाशी गेला. खाली तो जिथे इतके दिवस रुतून होता तिथे एक खोल खळगा उरला होता, आणि त्यात हळूहळू पाणी भरू लागले.